यंदा जोळ काढू नये

पेण, २४ जून १९८७

शकू,

तुझं कार्ड पोचलं. माझ्या चार पत्रांना मिळून तुझी एक ओळ. "वहिनी, खरं लिहायचं असेल तरच लिहा." ते कार्ड मी फडताळावर चहाच्या डब्याला टेकवून ठेवलं आहे. येता-जाता दिसतं. तुझा 'ख' अजून मधोमध तुटतो. मी या घरात नवी आले तेव्हा तू नऊ वर्षांची होतीस, आणि तुझा हात धरून मी पाटीवर तो 'ख' गिरवून घ्यायची. तू चिडून म्हणायचीस, "तुमच्या सिस्टरणीनं तुम्हाला मारलं, म्हणून तुम्ही मला मारता." सासूबाई पदर तोंडाला लावून हसायच्या.

मागणं एकच आहे, पुन्हा लिहिते. यांना एकदा बघू दे. तू यांना रोह्याजवळ वरसेला, तुझ्या घरी घेऊन गेलीस त्याला दोन वर्षं होतील. पेण ते रोहा अंतर ते काय, आता तर गाडीही सुरू झाली. पण तुझ्या दारात उभं राहायचं तर तुझी परवानगी हवी. ती मिळेपर्यंत मी स्टेशनकडे फिरकणार नाही.

खरं लिही म्हणतेस. लिहिते.

यांचं डोकं एका दिवसात फिरलं नाही. ते कचेरीत झिजलं. खारेपाटातल्या शेतांत खाडीचं पाणी शिरू नये म्हणून गावोगावी मातीचे लांबच लांब बांध आहेत, त्यांच्या दुरुस्तीचे अर्ज यांच्या कचेरीत यायचे. हे जावक कारकून. कचेरीतून बाहेर जाणाऱ्या प्रत्येक कागदाला यांच्या हातून क्रमांक पडायचा. एक्कावन्न साली नोकरी लागली तेव्हा घरी येऊन टोपी खुंटीला अडकवायच्या आधी म्हणाले होते, "आता राज्य आपलं आहे. एवढासा बांध, एवढासा अर्ज. वर्षाच्या आत काम होईल बघ." मी तेव्हा नवी नवरी. मला ते बोलणं फार आवडलं होतं.

पुढे बत्तीस वर्षं यांनी एकच वाक्य लिहिलं. "आपला अर्ज विचाराधीन आहे." खाडीकाठच्या एका गावाचा सखा म्हणून माणूस दर वर्षी अर्ज घेऊन यायचा. पहिल्यांदा आला तेव्हा त्याला मिसरूड नव्हती. मग मिशा आल्या, मग पिकल्या. एके दिवशी जेवताना यांनी घास खाली ठेवला आणि म्हणाले, "सखा गेला. त्याची बायको आली होती. मी तिला काय दिलं माहीत आहे? विचाराधीन आहे, असं दिलं."

त्यानंतर यांचा हात कापायला लागला. आधी त्या एका शब्दापाशी कापायचा. 'वि' काढला की टाक थांबायचा. मग कुठल्याही शब्दापाशी.

त्या पुढचं तुला ठाऊक आहे. कुणी न सांगता यांनी आपल्या मनानं लोकांना पत्रं पाठवली, सगळे अर्ज मंजूर केले. मला पत्ता लागेपर्यंत फार उशीर झाला होता.

सोबत पोह्याचे पापड पाठवते आहे. यांना तळलेले नकोत, निखाऱ्यावर भाजून दे. कडा करपलेल्या आवडतात.

तुझी,
वहिनी

पेण, १९ जुलै १९८७

शकू,

पुडकं परत आलं. आधी मला वाटलं, पापड दमट झाले म्हणून परत केलेस. मग तळाशी तो कागद सापडला. चौघडी घातलेला, कडेला चिखलाचा डाग. पाठीमागे तुझं अक्षर: "जनीबाई दादाला बघायला आली होती. तिनं दिला. माझ्या लग्नाच्या पत्रिका कुणी लिहिल्या होत्या, ते मी विसरले नाही."

जनी म्हणजे सखाची बायको. ती यांना बघायला येते, आणि मी येत नाही. हे वाचून मी ओटीवर बसले ती संध्याकाळपर्यंत उठले नाही. शेजारच्या काशीबाईंच्या कारखान्यात मूर्तींना पांढरा हात देणं चाललं होतं. त्यांनी दोनदा हाक मारली.

हो, शकू. अक्षर माझं आहे.

मागच्या पत्रात मी लिहिलं की मला पत्ता नव्हता. ते खोटं होतं. आता सांगते.

यांचा हात कापू लागला तेव्हा निवृत्तीला जेमतेम दीड वर्ष उरलं होतं. साहेबाला कळलं असतं तर घरी बसवलं असतं. म्हणून हे मसुदे घरी आणायला लागले आणि मी ते स्वच्छ लिहून द्यायची. एवढंच होतं ते. कॉन्व्हेंटमध्ये सिस्टर बर्नाडेट आमच्या वहीवर पट्टी ठेवून बघायची, ओळ वर चढली की खाली उतरली. माझं अक्षर तिनं घडवलं. ते कधी कुणाच्या कामाला आलं नव्हतं. तुझ्या पत्रिका, संक्रांतीची दोन भेटकार्डं, आणि संपलं. आम्हाला मूल नाही, नाही तर त्याच्या पाट्या लिहिल्या असत्या. चोपन्नाव्या वर्षी नवरा माझ्यासमोर कागद ठेवून म्हणतो, "तुझं अक्षर पाहून माणसाला धीर येतो गं." मला ते गोड वाटलं.

पहिले दोन महिने सगळे मसुदे खरे होते. विचाराधीन, विचाराधीन. मग एका मसुद्यात लिहिलेलं, की आपल्या गावची उघाडी, म्हणजे बांधातलं पाणी सोडायचं दार, नवीन बसवून देण्यात येत आहे. मी म्हटलं, "अगबाई, मंजूर झालं?" हे म्हणाले, "झालं." दुसऱ्या दिवशी आणखी दोन मंजूर. तिसऱ्या दिवशी पाच. शकू, बत्तीस वर्षांत जे एकदा झालं नाही ते आठवड्यात पाच वेळा होतं आहे, हे कळायला का कॉन्व्हेंट लागतं? मला कळलं. अगदी पहिल्या आठवड्यात कळलं. जेवणाच्या डब्यात खालच्या पुडात गोल शिक्का यायचा. मी डबा घासायची तेव्हा भाकरीच्या चुऱ्याबरोबर जांभळी शाई निघायची.

तरी मी लिहीत राहिले. का, ते विचारशील. कारण हे जेवायला लागले होते. झोपायला लागले होते. अंघोळ करताना गुणगुणायचे. पत्रं लिहून झाली की आम्ही दोघं चालत जाऊन पेटीत टाकायचो, आणि येताना हे मला नवरीसारखं कठड्याच्या बाजूनं चालवायचे. मी मनाशी म्हणायची, कुणाचं काय बिघडतं? एक चांगला कागद हातात आला तर गरिबाचा एक दिवस बरा जातो.

मग घरातल्या वस्तूंना क्रमांक पडायला लागले. दुधाच्या पातेल्याला जावक चारशे बारा. मी माहेरी निघाले तर मला थांबवलं, म्हणाले, "नंबर घेतल्याशिवाय बाहेर जायचं नाही." मी हसले. हे हसत नव्हते. एका दुपारी हे एका माणसाला उत्तर लिहून घेत होते, त्या माणसाचा अर्ज अठ्ठावन्न सालचा होता. मी म्हटलं, "अहो, तो असेल का आता?" हे म्हणाले, "म्हणून तर घाई आहे."

त्या दिवशी तुला बोलावून घ्यायला हवं होतं. मी बोलावलं नाही. लोक काय म्हणतील, याच्या आधी माझ्या मनात आलं की आता पत्रं बंद होतील.

वहिनी

पेण, १६ ऑगस्ट १९८७

शकू,

तुझं उत्तर नाही. तरी लिहिते. अर्धं सांगून थांबले तर मागच्यासारखंच होईल.

तो जनीचा कागद श्रावणातला, त्र्याऐंशी सालचा. त्यात होतं की आपल्या गावचा बाहेरचा बांध भाद्रपदाच्या उधाणापूर्वी सरकारमार्फत पक्का करून देण्यात येईल. क्रमांक होता, शिक्का होता. तू रोह्याची झालीस, तुला आठवतं की नाही माहीत नाही, पण खारेपाटात मोठ्या उधाणाआधी अख्खं गाव बांधावर उतरतं. घरटी एक माणूस. ओळ लावून चिखलाचे गोळे हातोहात द्यायचे आणि बांध जिथे खचला असेल तिथे थापायचे. याला ते जोळ म्हणतात. आजारी असलं, सुतक असलं तरी घरातलं कुणी तरी जातंच. सरकार कधी आलं नाही, तरी बांध उभे होते ते या जोळामुळे.

त्या वर्षी जनीच्या गावानं जोळ काढला नाही. मास्तरांनी कागद चावडीवर वाचून दाखवला आणि लोक सरकारची वाट बघत घरी बसले.

पौर्णिमेच्या उधाणाला बांध फुटून मोठी खांड पडली. खारं पाणी पोटरीइतक्या भातात शिरलं. माणूस दगावला नाही, एवढं एक देवानं राखलं.

बातमी पेणला दुपारी आली. हे कचेरीतून उठले, अर्जांची तीन गाठोडी हातगाडीवर टाकली आणि एस.टी.त घालून त्या गावी गेले. पुढचं मी लोकांकडून ऐकलं. कचेरीचा सदरा, पायात चपला, आणि हे त्या खांडीत छातीभर पाण्यात उभे राहून गाठोडी सोडून अर्ज भरत होते. एकेक नाव वाचायचे आणि पाण्यात दाबायचे. लोक वरून बघत होते. जनी पाण्यात उतरली. यांची कॉलर धरून म्हणाली, "बाबू, कागदानी खांड बुजत नाय रं. चल वर."

चौकशी मार्गशीर्षात झाली. नवे साहेब सभ्य होते. मला खुर्ची दिली, चहा सांगितला. तो कागद माझ्यापुढे ठेवला आणि विचारलं, "बाई, हे अक्षर कुणाचं, सांगू शकाल?"

हे माझ्या शेजारी बसले होते. नखं कापलेली, केस विंचरलेले. सकाळी मीच विंचरले होते.

मी म्हटलं, "यांचं."

साहेबांनी यांच्याकडे पाहिलं. यांचा हात टेबलावर होता आणि तो असा कापत होता की पेपरवेट वाजत होता. त्या हातानं ते अक्षर निघणं शक्य नाही, हे समोरच्या शिपायालाही कळलं असतं. हे म्हणाले, "होय. माझंच. सगळं माझं." साहेबांनी मान खाली घातली आणि लिहून घेतलं. त्यांनाही लवकर संपवायचं होतं.

तुला मी सांगितलं की ठाण्याच्या वेड्यांच्या इस्पितळाच्या कागदावर डॉक्टरांनी जबरदस्तीनं सही घेतली. जबरदस्ती कुणी केली नाही. डॉक्टर म्हणाले होते, घरी ठेवून औषध देता येईल, सांभाळणारं माणूस हवं. मी सही केली. सुंदर सही केली, शकू. ओळ वर चढली नाही, खाली उतरली नाही.

इकडे आळीत सांगितलं की यांची नागपूरला बदली झाली. काशीबाई दीड वर्ष रोज विचारायच्या, "नागपूरला थंडी केवढी हो?" मी रोज सांगायची, फार. तू यांना ठाण्याहून वरसेला नेलंस तेव्हा एकदा त्या मूर्तीचा हात घासता घासता म्हणाल्या, "आता ती नागपूरची बदली रद्द करून टाका की. आम्हाला स्वेटर विणायचा कंटाळा आला." सगळ्या आळीला पहिल्या दिवसापासून माहीत होतं. फक्त मला वाटत होतं की मी झाकलं आहे.

वहिनी

पेण, ६ सप्टेंबर १९८७

शकू,

तुझं दुसरं कार्ड आलं. "मला सांगून तुम्ही मोकळ्या होताय. जनीबाईचं काय?"

कॉन्व्हेंटमध्ये शनिवारी ख्रिस्ती मुली एकेक करून त्या लाकडी खोक्यात जायच्या, जाळीपलीकडच्या फादरला आपलं पाप सांगायच्या आणि हलक्या होऊन बाहेर यायच्या. आम्ही हिंदू मुली बाहेर बाकावर बसून असायचो. मला त्यांचा फार हेवा वाटायचा. तुझं कार्ड वाचलं आणि कळलं की तीन पत्रं मी तुला त्या जाळीसारखं वापरलं. आणि जाळीलाही सगळं सांगितलं नाही.

शुक्रवारी जनीच्या गावी जाऊन आले. तो कागद पिशवीत होता.

एस.टी. जिथे सोडते तिथून बांधावरून अर्धा तास चालावं लागतं. जनी दारात कोयता घासत होती. माझ्याहून दोन-चार वर्षांनी लहान असेल, पाठ मात्र पार वाकलेली. मी कोण ते सांगितलं. तिनं मला खालपासून वरपर्यंत पाहिलं.

"तू बाबूची बायको? म्हंजे जित्ती हायेस तू! बाबू तुजं नाव काडीना, आमी समजलो मेलीस."

मी ओट्याच्या कडेला बसले आणि कागद उघडला. म्हटलं, "जनीबाई, या पत्रात शेवटी एक ओळ आहे. ती वाचून दाखवते."

शकू, तुझ्याकडे तो कागद इतके दिवस होता, तूही ती ओळ वाचली असशील आणि पुढे गेली असशील. यांच्या मसुद्यात ती नव्हती. यांचा मसुदा 'पक्का करून देण्यात येईल' इथे संपत होता. मी स्वच्छ प्रत काढत होते. हे आतल्या खोलीत निजले होते. मला सखाची गोष्ट आठवली, त्याच्या बायकोची वाकलेली पाठ आठवली, हे सांगायचे ती. मला भरून आलं. आणि मी माझ्या मनानं खाली लिहिलं: "आपण पुष्कळ कष्ट केले आहेत. ग्रामस्थांनी यंदा जोळ काढू नये. आपण कष्ट घेऊ नयेत."

मी हे लिहिलं तेव्हा मला वाटलं होतं, माझ्या हातून आयुष्यात एवढं चांगलं काही लिहिलं गेलं नाही.

जनीला वाचून दाखवलं आणि म्हटलं, "ही ओळ बाबूची नाही. माझी आहे. त्यांना ठाऊकही नव्हतं. चौकशीत कळलं तेव्हा त्यांनी ती स्वतःवर घेतली."

जनीनं कोयता खाली ठेवला.

"तुला कोनी सांगितलं आमी दमलो म्हनून?"

मी कागद मांडीवर ठेवला.

"सांग ना गो. मी तुज्या दारात आलतू सांगाया? सरकारनं बांध केला काय आन् न केला काय, आमी जोळ काडतोच. दर साली कागद येतो, आमी चुलीत घालतो. या टायमाला सरकार सोताच्या तोंडान म्हनतंय, बसा घरी. मास्तर दोनदा वाचला ती वळ. म्हातारे रडले. म्हनले, कोनीतरी बगितलं आमच्याकडं." तिनं कागदाकडे बोट केलं. "त्या वळीवर बसलो आमी. बांधाच्या बोलन्यावर कोन बसतंय!"

तीन वर्षं त्या शेतात भात झालं नाही. तिचा मुलगा जगन रोह्याच्या एका कंपनीत लागला, शिफ्टवर असतो, आता शेतात पाय ठेवत नाही. यांना बघायला ती वरसेला येते ती त्याच्याकडे आली की. मी विचारलं, "तुम्हाला यांचा राग नाही आला?"

"आला की. पन बाबू पान्यात उतरला. तू नाय उतरलीस."

मी माफी मागितली. ती उठली, पदर खोचला.

"माफी तुजी ठेव तुज्याकडं. सोमवारी उधान हाय, आज जोळ हाय. घरटी एक मानूस. माजा जगन शिफ्टला गेलाय. त्याच्या जागी उबी ऱ्हा."

शकू, मी उभी राहिले. चपला काढल्या, नऊवारी नेसलेल्या बायकांच्या रांगेत माझी पाचवारी गुडघ्यापर्यंत वर घेतली. चिखलाचा गोळा हातात आला की तो बाळंतिणीच्या पोराएवढा जड, पण गार लागतो. पहिले दोन माझ्या हातून पडले. पलीकडून कुणी तरी ओरडली, "बायजे, बग गो, कचेरी चिखलात उतरली!" सगळी रांग हसली. मीही हसले. मग माझ्या शेजारच्या बाईनं दाखवलं की गोळा बोटांनी धरायचा नसतो, पोटाशी घ्यायचा.

अठ्ठावन्नाव्या वर्षी मी आयुष्यात पहिल्यांदा त्या बांधाला हात लावला. बत्तीस वर्षं त्याच्याबद्दलचं बोलणं आमच्या घरात होतं.

निघताना जनीनं भाताच्या कण्यांची पेज दिली. गोड बोलली नाही. एवढंच म्हणाली, "पुडच्या उधानाला ये. कागद आनू नको."

हे पत्र यांना वाचून दाखव. मागचीही. त्यांनी जे स्वतःवर घेतलं ते मी परत मागते आहे. कचेरीच्या आताच्या साहेबांनाही आज मी तेच लिहिलं, नाव-पत्त्यासह. त्याचं काय व्हायचं ते होवो.

वहिनी

पेण, ९ ऑक्टोबर १९८७

शकू,

तुझ्या हातचा पत्ता असलेलं अंतर्देशीय आलं. उघडलं तर आत यांचं अक्षर.

मी आधी ते नुसतं बघत बसले. 'वि' कापला आहे, 'क्ष'ची गाठ सुटली आहे, ओळी वर चढतात आणि खाली उतरतात. सिस्टर बर्नाडेटनं तो कागद टरकावला असता. कुणीही स्वच्छ प्रत काढलेली नाही. चार वर्षांनी यांचा पहिला कागद, आणि तो यांच्या स्वतःच्या हाताचा. तू मागे उभी राहून हात धरला नाहीस, हेही मला दिसलं. तुझे उपकार.

पत्र असं आहे, तू वाचलं नसशील तर:

"जावक क्रमांक १.
विषय : भेटीबाबत.
महोदया,
आपली दिनांक २४ जून, १९ जुलै, १६ ऑगस्ट व ६ सप्टेंबरची पत्रे या कार्यालयात वाचून दाखविण्यात आली. आपला अर्ज विचाराधीन आहे.
आपण पुष्कळ कष्ट केले आहेत. यंदा आपण येण्याचे कष्ट घेऊ नयेत.
आपला विश्वासू,
दिनानाथ"

'विचाराधीन' हा शब्द यांनी पुरा लिहिला आहे. ज्या शब्दापाशी हात थांबायचा, तो. कुणाचाही अर्ज डोळे मिटून मंजूर करणारा माणूस आता असं लिहितो, याचा अर्थ हे बरे झाले की माझ्यापुरते कायमचे मिटले, ते मला कळत नाही. कदाचित खरोखरच विचार करत असतील. बत्तीस वर्षांत त्या शब्दाचा तो अर्थ कुणी घेतला नसेल.

आणि शेवटची ओळ. ती ओळ यांना पाठ आहे. चार वर्षं पाठ आहे. यांनी ती मला शिक्षा म्हणून परत केली, की माझ्या पाठीची काळजी वाटली म्हणून, ते यांनाच विचारावं लागेल.

काशीबाईंना पत्र दाखवलं. मी आयुष्यात पहिल्यांदा त्यांना काही दाखवलं. त्यांनी चष्मा लावून वाचलं आणि म्हणाल्या, "येऊ नका म्हणतायत. मग?"

मी म्हटलं, "मग काय, जाते."

परवा रविवारी सकाळच्या गाडीनं येते. तू परवानगी दिलेली नाहीस, हे मला माहीत आहे. घरात येणार नाही. अर्जदार कचेरीबाहेर बसायचे तशी ओटीवर बसेन. दार उघडायचं की नाही, ते तुम्ही दोघं ठरवा. नाही उघडलं तर संध्याकाळच्या गाडीनं परत जाईन आणि पुढच्या रविवारी पुन्हा येईन. पापड आणत नाही. कागदही नाही.

त्यांना एवढं सांग, की ती ओळ माझी आहे, तिच्यावर विसंबून घरी बसलं की काय होतं ते मी जनीच्या शेतात पाहिलं आहे. मी निघाले आहे.

वहिनी